पाळकीणबाईंची जागा

"तुझं सगळं पटलं बघ शलोमी, पण प्रभुभोजनाची भाकर कोण करणार?" खरात गुरुजींनी विचारलं.

मी हातातले कागद खाली ठेवले. सबंध दुपार बोलून माझा घसा कोरडा पडला होता. बायबलातल्या पौलाने बायकांना मंडळीत गप्प बसायला सांगितलं ते कुठल्या गावात आणि काय भांडण चाललं होतं म्हणून, त्याच पौलाने आपल्याबरोबर सेवा करणाऱ्या बायकांची नावं घेऊन त्यांना सलाम कसा पाठवला, पहिल्या शतकांत कोणाच्या घरात मंडळ्या भरायच्या आणि त्या घरांच्या मालकिणी कोण होत्या, हे सगळं मी एकही ग्रीक शब्द न वापरता सांगितलं होतं. ख्रिस्ती धर्म आणि स्त्री हा माझा अभ्यासाचा विषय. त्याच्यावर मी प्रबंध लिहिला होता, पुण्याच्या धर्मशिक्षणाच्या कॉलेजात तोच शिकवत होते, आणि परदेशातल्या विद्वानांशी त्यावर वाद घालून आले होते. त्यांच्यापैकी कोणीही मला भाकरीचं विचारलं नव्हतं.

"कोणीही करेल गुरुजी," मी म्हणाले. "पीठ, पाणी आणि मीठ. त्यात काय आहे?"

"कोणीही म्हणजे नेमकं कोण?"

गुरुजींनी मला चौथीत शिकवलं होतं. गणित चुकलं की ते असंच शांतपणे विचारायचे, आणि तेव्हाही मला तितकाच राग यायचा.

आम्ही बसलो होतो हिवरपिंप्रीच्या मंडळीच्या, म्हणजे चर्चच्या, मागच्या खोलीत. नगर जिल्ह्यातलं हे माझं गाव. वर पत्रा, एप्रिलची दुपार, आणि पंखा फिरल्यासारखं करत होता. भिंतीवर मंडळीच्या आजवरच्या पाळकांचे, म्हणजे धर्मगुरूंचे, फोटो. सगळ्यात शेवटचा माझ्या पप्पांचा. त्यांच्यानंतर दोन पाळक आले आणि टिकले नाहीत, म्हणून त्यांचे फोटो कोणी लावले नव्हते. दोन वर्षांपासून तर पाळकच नव्हता. महिन्याच्या पहिल्या रविवारी नगरहून एक पाळक यायचे, भाकर आणि द्राक्षरसाचं प्रभुभोजन देऊन जेवायच्या आत निघून जायचे.

पंचकमिटीत माणसं चार. खरात गुरुजी अध्यक्ष. सॅमसन दिवे, ज्यांचा टेम्पो होता. वाघचौरे, सरकारी दवाखान्यातले निवृत्त कंपाउंडर. आणि चौथी माझी आई, महिला संघाच्या वतीने. ती सुजलेला गुडघा स्टुलावर ठेवून मांडीवरच्या ताटात मनुका निवडत होती. दुसऱ्या दिवशी प्रभुभोजन होतं, आणि द्राक्षरसासाठी मनुका उकळायच्या होत्या. भाकर आणि द्राक्षरस ही कामं आमच्याकडे पाळकीणबाईंची, म्हणजे पाळकांच्या बायकोची. पप्पा जाऊन इतकी वर्षं झाली तरी ती आईकडेच होती. कोणी तिला कर म्हटलं नव्हतं आणि कोणी नको म्हटलं नव्हतं. गावात तिला सगळे पाळकीणबाईच म्हणत. कमलिनी हे तिचं नाव तिच्या आधारकार्डाखेरीज कुठे आढळायचं नाही.

माझ्या शेजारी प्रांजली आढाव बसली होती. माझी विद्यार्थिनी. जालन्याकडची, ऊसतोड्यांची पोर, आवाज असा की माइकची गरज नाही. कॉलेजात तिने पहिला उपदेश केला तेव्हा वर्गातली मुलं पेनं खाली ठेवून ऐकत होती. आमच्या मंडळ्यांच्या संघाने बायकांना पाळकीय दीक्षा देण्याचा ठराव केव्हाच केला होता. फक्त एक मेख होती. कुठल्या तरी मंडळीने बोलावल्याशिवाय दीक्षा मिळत नाही. आणि बोलवत कोणी नव्हतं. एका मंडळीने सांगितलं, एकटी मुलगी पाळकांच्या घरात कशी राहणार. दुसऱ्या मंडळीने तिला बसायला खुर्चीसुद्धा दिली नाही. आता तिचे वडील म्हणत होते, पुरे झालं, भावाकडे सुरतेला जा, त्याच्या मोबाइलच्या दुकानात बस, स्थळ बघून ठेवलंय. तिने त्यांच्याकडून एवढ्या एका मंडळीपुरती मुदत मागून घेतली होती. हिवरपिंप्री माझं गाव, पंचकमिटीत माझी आई, म्हणून मी मोठ्या भरवशाने तिला इथे घेऊन आले होते.

"पौलाच्या वचनाला तुमची काही हरकत नाही ना आता?" मी विचारलं.

"छे छे," गुरुजी म्हणाले. "तू अगदी छान समजावलंस. मी तर म्हणतो हे छापून काढ."

"मग हरकत कशाला आहे?"

"हरकत नाही गं. अडचण आहे."

वाघचौरे पुढे सरकले. "ताई, असं बघा. पाळक आले की पाळकीणबाई येतात. रविवारची शाळा त्या घेतात. नाताळची गाणी बसवतात. कुणाच्या घरी मयत झालं की बायांजवळ जाऊन बसतात. पोरीबाळींना दवाखान्यात न्यायचं तर त्याच. बाहेरचं कोणी आलं, चहापाणी, जेवणखाण. आता ही बाई पाळक झाली, तर हे करायचं कोणी?"

"आन् तुमच्या आई चालल्या पुण्याला," दिवे म्हणाले. "गुडघ्याचं आपरेशन करायचं म्हनत्यात. मंग आमी काय करायचं?"

आई मान खाली घालून देठ काढत होती.

"दिवेकाका, पाळकाच्या बायकोला तुम्ही पगार देता का?" मी विचारलं.

दिवे गोंधळले. "तिला कशाचा पगार? ती पाळकाची बायकू हाय."

"मग जिला पगार नाही, ती नोकरीवर नाही. जी नोकरीवर नाही, तिच्यावाचून नेमणूक अडते कशी?"

"हे बघ, तू पुस्तकातलं बोलायला लागलीस," गुरुजी म्हणाले.

मला वाटलं आपलं डोकं त्या भिंतीवर आपटावं, पप्पांच्या फोटोच्या शेजारी. मी पौलाची तयारी करून आले होते. हव्वेची करून आले होते. बायकांचा आवाज, बायकांचा विटाळ, बाप्तिस्मा देणारे हात, वेदीजवळचे पाय, कुठल्या शतकात कोण काय म्हणालं आणि त्याला उत्तर काय, सगळं तोंडपाठ होतं. त्यातलं काहीच त्यांना नको होतं. त्यांना रविवारी संध्याकाळी पाहुण्याला चहा कोण देणार ते हवं होतं.

"हिचं लग्न नाही झालं का?" वाघचौरेंनी मला विचारलं, जणू प्रांजली तिथे नव्हतीच.

"नाही झालं," प्रांजली म्हणाली.

"होईल की. मग नवरा करील का हे सगळं?"

"नवऱ्याला पोराबाळांची गाणी बसवता आली पाहिजेत, अशी जाहिरात देऊ का मी?" मी म्हणाले.

दिवे हसले. गुरुजी हसले नाहीत. त्यांनी चष्मा काढून पुसला, आणि मला कळलं की आता ते 'प्रार्थनेत ठेवू' म्हणणार. आमच्याकडे प्रार्थनेत ठेवलेली गोष्ट पुन्हा बाहेर येत नाही.

तेवढ्यात प्रांजली उठून उभी राहिली.

"मी करीन," ती म्हणाली. "सगळं मी करीन, गुरुजी. भाकर करीन, द्राक्षरस करीन. रविवारची शाळा घेईन, गाणी बसवीन. घरी आलेल्याला चहा दिल्याशिवाय पाठवणार नाही. मला सवय आहे कामाची. तुम्हाला पाळकीणबाईंची उणीव भासू देणार नाही."

खोलीतली हवाच बदलली. वाघचौरे खुर्चीत मागे रेलले. दिवे म्हणाले, "आता कसं बोलली." गुरुजींनी चष्मा परत घातला आणि पहिल्यांदा प्रांजलीकडे नीट पाहिलं.

माझा जीव भांड्यात पडला. पोरीने बाजी मारली होती. मी तिच्या पाठीवर हात ठेवला.

आमच्या मंडळीत पाळकाला बोलावण्याची एक रीत आहे. हात वर करायचे नाहीत, चिठ्ठ्या टाकायच्या नाहीत. प्रार्थना करायची, आणि आमेन झालं की ज्याच्या मनात होकार असेल त्याने उभं राहायचं. सगळे पंच उभे राहिले तर बोलावणं. एकही बसून राहिला तर नाही. आणि बसणाऱ्याला का बसलास असं विचारायचं नाही.

गुरुजींनी प्रार्थना केली. आमेन म्हणून मी डोळे उघडले. दिवे उभे होते. वाघचौरे उभे होते. गुरुजी काठी टेकून उभे राहिले.

आई मनुका निवडत होती.

"पाळकीणबाई, आमेन झालं," वाघचौरे म्हणाले.

"ऐकलं मी."

"उभं राहायचंय. गुडघा दुखतोय का? आपण हात वर केला तरी चालवून घेऊ."

"गुडघा बरा आहे," आई म्हणाली. "मी बसलीय."

प्रांजलीचा चेहरा उतरला. मग दिवे हळूच म्हणाले, "बाईच बाईला नको म्हन्ती," आणि मला धरणीने पोटात घेतलं तर बरं असं झालं. आयुष्यभर मी पुरुषांशी भांडत आले होते, आणि शेवटी आडवी आली ती माझी आई. ती लंगडत उठली, ताट घेऊन शेजारच्या पाळकांच्या घरात निघून गेली; पाळक नव्हता तोवर त्या घराची किल्ली तिच्याकडेच होती. मी तिच्या मागे धावले.

"तुला कळतंय का काय केलंस?" स्वयंपाकघरात शिरताच मी सुरू झाले. "ते तिघं उभे राहिले, आई. ते तिघं. आणि तू बसलीस. आता ती पोर सुरतेला जाऊन मोबाइलचे कव्हर विकणार."

आईने मनुका पातेल्यात ओतल्या, पाणी घातलं, गॅस पेटवला.

"बोल ना काहीतरी. मी पुण्याहून ही सगळी पुस्तकं वाहून आणली. इतकी वर्षं मी काय करतेय ते तुला ठाऊक आहे. तुला नको होतं तर फोनवर सांगायचं. चारचौघांत माझी अब्रू कशाला घालवलीस?"

"तुझ्या अब्रूचा काय संबंध?" आई म्हणाली. "उभी ती होती."

"तुला बाई पाळक नकोय का?"

"मला पाळकच हवीय. ती काय कबूल करून बसली ते ऐकलंस ना?"

"त्यात काय? भाकर तर भाकर. एकदा दीक्षा मिळाली की बाकीचं हळूहळू—"

"हळूहळू काही होत नाही, शलू." आईने चमचा ठेवला आणि स्टुलावर बसली. "तुझ्या पाठचं माझं पोटातच गेलं, तो शुक्रवार होता. शनिवारी मी भाकर केली. अंगात ताप, खाली रक्त जातंय, आणि मी कणीक मळतेय. पप्पा आत उपदेश लिहीत होते. ते वाईट नव्हते. त्यांनी कर म्हटलं नाही. पण आज नको करूस असं म्हणायचं त्यांच्या मनातच आलं नाही. माझ्याही नाही आलं. पाळकीणबाई ती भाकर करते, मग ती करते."

पाठचं गेल्याचं मला ठाऊक होतं. भाकरीचं ठाऊक नव्हतं. मला रडू येत होतं आणि त्याचाही राग येत होता.

"पप्पा निदान एकच काम करायचे," आई म्हणाली. "मीही एकच करायचे. ही पोर दोन्ही करणार. शनिवारी मनुका उकळणार, रात्री उपदेश लिहिणार, सकाळी शाळा घेणार, मग उपासना, मग चहा. वर्षभरात आवाज बसेल तिचा. मग हेच म्हणतील, बघा, बाईला नाही झेपत. आणि पुन्हा कधी कुठल्या मुलीला बोलवायचे नाहीत."

"हे तू तिथे का नाही बोललीस?"

"तिथे तू बोलत होतीस."

मी कपाळावर हात मारला. या बाईशी मला आयुष्यात कधी वाद जिंकता आला नाही, आणि पटलं तरी चिडचिड काही कमी होत नव्हती. "ठीक आहे. तुझं बरोबर आहे. पण म्हणून तिला जन्मभर दुकानात बसवायचं? ते तिघं तयार झाले ते तिने दोन माणसांचं काम कबूल केलं म्हणूनच. नाही तर त्यांनी प्रार्थनेत ठेवलं असतं."

"ठेवलं असतं," आई म्हणाली.

"मी शब्द मागे घेतला तर तुम्ही उभ्या राहाल?"

दारात प्रांजली होती. केव्हापासून होती कोण जाणे.

"राहीन," आई म्हणाली.

"आणि ते बसतील."

"बसतीलही."

"मग काय करायचं?" प्रांजलीने विचारलं.

"ते तुझं तू ठरव. मी त्यांच्या वतीने बोलत नाही आणि तुझ्याही नाही."

"आई, हे काय उत्तर झालं?" मी म्हणाले. पण त्या दोघींपैकी कोणाचंच माझ्याकडे लक्ष नव्हतं. प्रांजलीने माठातून पाणी घेतलं, उभ्याउभ्या प्यायली, पेला विसळून पालथा घालायला गेली आणि थांबली. मग तो तसाच ओट्यावर ठेवून ती बाहेर पडली.

मागच्या खोलीत तिघे पंच चपला घालायच्या बेतात होते.

"गुरुजी, मघाशी मी जे कबूल केलं ते मागे घेते," प्रांजली म्हणाली. "मी उपदेश करीन. बाप्तिस्मा देईन, लग्नं लावीन, माती द्यायला येईन. आजाऱ्याकडे अर्ध्या रात्री बोलवा, येईन. पण भाकर आणि चहा माझ्याकडे नाही. रविवारची शाळा मंडळीने चालवायची, शिकवणाऱ्यांना मी तयार करीन. मी पाळक म्हणून येतेय. पाळकीणबाई तुम्हाला माझ्यात मिळणार नाही."

"आता अटी घालायला लागली," वाघचौरे म्हणाले.

"मग अवघड आहे, मुली," गुरुजी म्हणाले. "आपण प्रार्थनेत ठेवू."

मी तोंड उघडलं होतं, तेवढ्यात मागून आईचा आवाज आला. ती दाराच्या चौकटीला धरून उभी होती.

"दोन वर्षं प्रार्थनेतच ठेवलंय, गुरुजी. मागच्या वर्षी सातपुते पाळक घर बघून गेले. का नाही आले?"

"त्यांच्या बायकोची नोकरी होती."

"नर्स होती. ती म्हणाली, नोकरी सोडून मी गावात चहा करायला येणार नाही. त्यांच्या आधी जे बघून गेले ते?"

गुरुजी चपलेत पाय सरकवू लागले.

"त्यांची बायको शाळेत शिकवत होती. तीही नाही म्हणाली. बरोबरच केलं दोघींनी. पाळकीणबाई आता तुम्हाला कुठूनच मिळायची नाही. माझ्यासारख्या संपल्या. पाळक मिळतोय, तेवढा घ्या." मग ती दिव्यांकडे वळली. "सॅमसन, तुझी आई गेली तेव्हा नगरहून पाळक यायला दोन दिवस लागले. आठवतंय?"

दिव्यांनी मान खाली घातली. "बर्फावर ठिवली व्हती."

"मी तिला आंघोळ घातली, तिच्याजवळ बसले, बर्फ बदलला. भाकरही केली असती. माती मात्र मला देता आली नाही."

बाहेर कुठेतरी ट्रॅक्टर चालू झाला आणि लांब गेला.

"पुन्हा प्रार्थना करा, गुरुजी," आई म्हणाली.

तिघे परत बसले आणि गुरुजींनी प्रार्थना केली. या वेळची लहान होती आणि तिच्यात ते दोनदा अडखळले. मी डोळे मिटले नाहीत, खोटं कशाला सांगू. आमेन झालं तेव्हा आई उभीच होती. ती चौकट सोडून खोलीच्या मध्ये आली. मी तिचा हात धरायला गेले, तर तिने तो सोडवून घेतला.

दिवे उठले. पुसायला काही नव्हतं तरी त्यांनी तोंडावरून रुमाल फिरवला. वाघचौरेंनी दिव्यांकडे पाहिलं, गुरुजींकडे पाहिलं, पुटपुटले आणि उठले. गुरुजी बसून होते. त्यांची काठी खुर्चीला टेकलेली होती आणि ते तिच्याकडे बघत होते. मला वाटलं, संपलं. एवढं सगळं करून शेवटी एका हट्टी मास्तरापाशी अडलं. प्रांजली मात्र सरळ उभी होती.

"हिचा आवाज मागच्या बाकापर्यंत जाईल ना?" गुरुजींनी विचारलं. "मला कमी ऐकू येतं."

"जाईल," मी म्हणाले.

"तुला नाही विचारलं."

"जाईल, गुरुजी," प्रांजली म्हणाली, आणि ती ते असं म्हणाली की गुरुजींनी काठी घेतली आणि ते उठले.

बोलावणं झालं होतं. वाघचौरेंनी तिच्याशी हात मिळवला, दिव्यांनी "सलाम, पाळकबाई" म्हटलं. मी रडत होते, आणि त्याबद्दल स्वतःवर चिडलेही होते. मग सगळे खुर्च्यांवर टेकले आणि गुरुजींनी सवयीने दाराकडे तोंड करून म्हटलं, "पाळकीणबाई, आता चहा होऊन जाऊ द्या."

आईने माझ्या शेजारची खुर्ची ओढली आणि सावकाश बसली. सुजलेला पाय लांब केला.

"या मंडळीत पाळकीणबाई नाही आता," ती म्हणाली. "तुम्हीच तर आत्ता उभं राहून ठरवलंत."

गुरुजींनी वाघचौरेंकडे पाहिलं. वाघचौरेंनी दिव्यांकडे पाहिलं. प्रांजली अर्धवट उठू लागली, तेव्हा आईने तिच्याकडे बघितलं आणि ती परत बसली. शेवटी दिवे उठले आणि शेजारच्या घरात गेले. भांडी खाली पडल्याचा आवाज आला, मग डबे उघडल्याचा, मग पुन्हा झाकल्याचा.

"पाळकीणबाई," आतून त्यांनी हाक मारली, "साखर कुठंय?"

"शोध," आई म्हणाली.